बुटके सरू : रोपावरची चिठ्ठी आणि दुकानदाराचा शब्द

कापडाच्या ताग्यावर पन्हा आणि मीटर लिहिलेले असतात. ते वाचून गिऱ्हाईक माल घेते. शिंप्याकडे गेल्यावर माप कमी भरले, तर ते गिऱ्हाईक पुन्हा आपल्या दुकानाची पायरी चढत नाही. आमच्या धंद्यात लबाडी आठ दिवसांत उघडी पडते. पण एक धंदा असा आहे की ज्यात मापातला खोटेपणा कळायला दहा-पंधरा वर्षे लागतात. तो म्हणजे बागेत लावायच्या बुटक्या सरूच्या रोपांचा धंदा. युरोप, अमेरिका आणि जपान येथे त्याचा जुना बाजार आहे. त्या बाजाराने जे कमावले आणि जे गमावले, त्यातून प्रत्येक दुकानदाराने व कारागिराने घेण्यासारखे पुष्कळ आहे. म्हणून आज या पानावर त्याचा हिशेब मांडत आहोत.

सरू कोणता?

उर्दू शाळेत शिकलेल्या वाचकांना 'सर्व' हे झाड शेरोशायरीतून ठाऊक असते. उंच, सरळ, सडपातळ. शायर मंडळी माशुकाच्या बांध्याला त्याचीच उपमा देतात. मोगलांनी आपल्या बागांतून ते हौसेने लावले. आपल्या कोकण किनाऱ्यावर ज्याला 'सुरू' म्हणतात ते झाड मात्र निराळे. त्याचा या कुळाशी संबंध नाही.

बागांसाठी विकले जाणारे बुटके सरू बहुतेक या सर्वाच्या चुलत घराण्यातले आहेत. त्या घराण्याचे शास्त्रीय नाव कॅमेसायपॅरिस. ग्रीक भाषेत त्याचा अर्थ 'जमिनीलगतचा सरू' असा होतो. गंमत अशी की या घराण्यातली मूळ झाडे चांगली धिप्पाड आहेत. अमेरिकेच्या ओरेगॉन आणि कॅलिफोर्निया राज्यांच्या सीमेवर वाढणारा लॉसन सरू साठ मीटरपर्यंत जातो. त्याचे बी 1854 साली स्कॉटलंडमधील एडिंबरो येथील लॉसन यांच्या रोपवाटिकेत पोहोचले आणि तेच नाव झाडाला चिकटले. जपानचे हिनोकी आणि सवारा हे दोन सरू 1861 साली युरोपात आले. हिनोकीचे लाकूड जपानात इतके मोलाचे, की नारा येथील होर्युजी मंदिरासारख्या जगातल्या सर्वांत जुन्या लाकडी इमारती त्याच लाकडावर उभ्या आहेत. किसो खोऱ्यातील जंगलात एके काळी हे झाड तोडण्यास सक्त मनाई होती.

बुटकेपण येते कुठून?

अशा उंच झाडांतून बुटके रोप निघते ते निसर्गाच्या चुकीने आणि माळ्याच्या नजरेने. हजारो रोपांत एखादेच खुजे राहते. कधी मोठ्या झाडाच्या एका फांदीवर दाट, आखूड काड्यांचा झुडपासारखा पुंजका येतो. कधी झाड आपली बालपणची मऊ, काटेरी पाने आयुष्यभर सोडतच नाही. जाणकार माळी अशी फांदी हेरतो, तिची छाट लावतो आणि नवा वाण तयार होतो. बी पेरून हा गुण खात्रीने उतरत नाही. म्हणून प्रत्येक रोप छाटाने किंवा खुंटावर कलम बांधूनच करावे लागते. म्हणजे हा धंदा यंत्राचा नसून हाताच्या हुन्नराचा आहे.

त्यात वेळही फार जातो. थंडीच्या सुमारास लावलेल्या छाटाला मुळे फुटायला काही महिने लागतात. पुढे विकण्याजोगे छोटे रोप व्हायला तीन-चार वर्षे सहज जातात. तोवर जागा, पाणी, मजुरी आणि भांडवल अडकून पडते. वीतभर रोपाची किंमत ऐकून गिऱ्हाईक भुवया उंचावते, तेव्हा त्याला सांगायला हवे की ही किंमत उंचीची नाही, वर्षांची आहे.

बुटका की सावकाश?

आता मुख्य मुद्दा. 'बुटका' या शब्दाचा अर्थ बाजारात नीट सांगितला जात नाही. कोणताही सरू ठराविक उंचीला पोहोचून थांबत नाही. तो जिवंत आहे तोवर वाढतच राहतो. फरक फक्त वेगाचा. अमेरिकेतील शौकिनांच्या संस्थेने यासाठी वेगाचे गट ठरवले आहेत. वर्षाला अडीच सेंटिमीटरपेक्षा कमी वाढणारे ते अतिबुटके, अडीच ते पंधरा सेंटिमीटर वाढणारे ते बुटके, पंधरा ते तीस वाढणारे मध्यम आणि त्यापुढचे मोठे.

हिशेब करून पाहा. तीस सेंटिमीटरचे रोप वर्षाला अडीच सेंटिमीटरने वाढले, तर वीस वर्षांनी ते ऐंशी सेंटिमीटर होईल. तेवढेच रोप वर्षाला पंधराने वाढले, तर वीस वर्षांनी तीन मीटर तीस सेंटिमीटर होईल. दोघांच्या चिठ्ठीवर शब्द मात्र एकच, 'बुटका'. एक आयुष्यभर खिडकीखाली शोभेल, दुसरे खिडकीच झाकून टाकील.

ब्रिटनमध्ये नेमके हेच घडले. 1960 आणि 1970 च्या दशकांत तेथे घरापुढच्या लहान बागेत बुटके सरू लावण्याची मोठी हौस आली. कुंडीत सगळी रोपे सारखीच गोजिरवाणी दिसत. 'एलवुडाय' हा लॉसन सरूचा वाण दगडी बागेसाठी म्हणून खपला. तो पुढे माणसाच्या डोक्यावर गेला. 'बुलेवर्ड' हा सवाराचा निळसर रुपेरी वाण 1934 साली अमेरिकेतील ऱ्होड आयलंड राज्यात बाजारात आला. तोही बुटका म्हणूनच विकला गेला आणि वय वाढले तसा कित्येक मीटर उंच झाला. लोकांनी झाडे उपटून टाकली. पुढे ती हौस ओसरली. त्याची कारणे अनेक असतील, पण 'बुटके म्हणून घेतले आणि ताडमाड झाले' ही तक्रार तेथील बागवानांच्या तोंडी आजही ऐकू येते. त्यात झाडाचा काहीच दोष नव्हता. झाड आपल्या स्वभावाप्रमाणे वाढले. चिठ्ठी अपुरी होती.

त्याच बाजारात 'मिनिमा ग्लॉका' किंवा हिनोकीचा 'नाना' यांसारखे खरोखर सावकाश वाढणारे वाणही होते. पण खोट्या मालाबरोबर खराही बदनाम होतो, हे आम्ही कापड बाजारात पुष्कळदा पाहिले आहे.

निगा आणि रोग

ज्यांच्याकडे थंड हवेत बाग आहे, किंवा ज्यांचे नातेवाईक परदेशात राहतात, त्यांच्यासाठी चार गोष्टी. पाण्याचा निचरा होणारी जमीन हवी. मुळाशी पाणी साचले की झाड गेले. पहिली दोन-तीन वर्षे मुळे सुकू देऊ नयेत. पिवळ्या वाणांना ऊन लागते, नाहीतर रंग उतरतो. छाटणी फक्त हिरव्या भागात करावी. जुन्या उघड्या लाकडाला पुन्हा पालवी फुटत नाही. आणि बुटक्या झाडातून एखादी फांदी मूळ वळणावर जाऊन जोरात वाढू लागली, तर ती बुडापासून लगेच काढावी. नाहीतर तीच झाडाचा ताबा घेते.

मोठा शत्रू म्हणजे मुळे कुजवणारा फायटोफ्थोरा लॅटरॅलिस हा रोग. तो 1923 साली अमेरिकेत सिॲटलजवळच्या रोपवाटिकेत दिसला. 1952 पर्यंत ओरेगॉनच्या मूळ जंगलात पोहोचला आणि 2010 साली स्कॉटलंडमध्येही आढळला. हिनोकीला पर्याय म्हणून जपानला लाकूड पाठवणाऱ्या ओरेगॉनच्या व्यापाराला त्याचा फटका बसला. हा रोग पाण्यातून, बुटांना व गाड्यांच्या चाकांना लागलेल्या चिखलातून आणि रोगट रोपांतून पसरतो. ओरेगॉनमधील शास्त्रज्ञांनी जंगलात टिकून राहिलेल्या झाडांपासून रोगाला दाद न देणारे खुंट तयार केले आहेत. आता त्यांवर नाजूक वाणांची कलमे बांधता येतात. वरून रोप सारखेच दिसते, पण खुंट कोणता हे विचारणारा ग्राहक शहाणा.

आपल्याकडे काय?

महाराष्ट्रातील सपाटीच्या उष्ण हवेत लॉसन किंवा हिनोकी सरू सुखाने राहत नाहीत. आपल्या रोपवाटिकांत 'मोरपंखी' म्हणून मिळते ते चीनकडचे वेगळे झाड आहे आणि उष्णता जास्त सोसते. लिंबासारखा वास असलेले पिवळे 'गोल्डक्रेस्ट'ही छोट्या कुंडीतून विकले जाते. ते कॅलिफोर्नियातील मॉन्टेरे किनाऱ्यावरच्या उंच सरूचा वाण आहे. कुंडीत खेळण्यासारखे दिसले तरी ते बुटके नव्हे, आणि त्याला हवाही थंडच लागते. रोपांचा व्यवसाय करणाऱ्या आपल्या बांधवांनी हे गिऱ्हाइकाला आधीच सांगावे.

आमची सूचना साधी आहे. रोपाच्या चिठ्ठीवर नुसते 'बुटके' न लिहिता तीन गोष्टी लिहाव्यात : वाणाचे पूर्ण नाव, वर्षाची वाढ आणि दहा वर्षांनंतरची उंची. या तीन ओळींनी आज एखादा सौदा मोडेलही. पण रोप विकणारा आज पैसे मोजून घेतो आणि त्याच्या शब्दाची परीक्षा त्याचा मुलगा गल्ल्यावर बसेल तेव्हा होते. त्या दिवशी गिऱ्हाईक दुकानात कोणत्या चेहऱ्याने येईल, हे आजची चिठ्ठी ठरवते.