रिकाम्या सभागृहातले गाणे

इराणमध्ये १९७९ च्या क्रांतीनंतर बाईने पुरुषांसमोर एकटीने गाण्यावर बंदी आली. शिरीन नेशात या इराणी चित्रकर्तीने १९९८ साली या बंदीलाच 'टर्ब्युलंट' या दहाएक मिनिटांच्या कृष्णधवल चित्रफितीचा विषय केले.

समोरासमोर दोन पडदे. एकावर पांढऱ्या शर्टातला गायक रूमीचे काव्य गातो; सभागृह पुरुषांनी भरलेले, टाळ्यांचा कडकडाट. दुसऱ्यावर काळ्या चादरीतली बाई, पुढे रिकाम्या खुर्च्या. तो थांबला की ती सुरू होते. तिच्या गाण्यात शब्दच नाहीत. नुसता आवाज, श्वास, आक्रोश. सुसान देहिम यांचा तो गळा. समोरचा गायक थिजून पाहत राहतो! ज्यात शब्दच नाहीत, त्यात सेन्सॉर कापणार तरी काय?

१९९९ साली व्हेनिसच्या द्वैवार्षिक प्रदर्शनात नेशात यांचा गौरव झाला. अमेरिकेत राहून त्या पाश्चात्त्यांना हवा तो इराण दाखवतात, असा आक्षेप आहे. तो अगदीच पोकळ नाही. पण सभागृह कोणाला मिळते, हा आम्ही हक्काचा सवाल मानतो, आणि तो त्यांनी नेमका पकडला आहे. कारण प्रेक्षकाला दोन पडद्यांच्या मध्ये उभे राहावे लागते. एकाकडे पाहायचे तर दुसऱ्याकडे पाठ करावीच लागते.