नाथांनी शुद्ध केलेली ज्ञानेश्वरी

शके १२१२ मध्ये, म्हणजे इ.स. १२९० साली, नेवाशात ज्ञानेश्वरांनी गीतेवर मराठीत टीका सांगितली आणि सच्चिदानंदबाबांनी ती लिहून घेतली. गीतेचे श्लोक ७००, ओव्या मात्र नऊ हजारांच्या घरात. तेव्हा याला नुसतं भाषांतर म्हणणं अन्यायाचं होईल.

पुढची जवळपास तीनशे वर्षं पोथ्या हातानं उतरवल्या गेल्या. नकलकाराला एखादं जुनं रूप कळेना, की तो ओळखीचं रूप घालून मोकळा होई. कुणी भक्तीच्या भरात स्वतःची ओवीही घुसडे; श्रद्धेनं केलेला बिघाड ओळखायला सर्वांत अवघड! शके १५०६ मध्ये (इ.स. १५८४) एकनाथांनी अनेक प्रती ताडून शुद्ध पाठ सिद्ध केला आणि यात यापुढे कुणी ओवी घालू नये, अशी सक्त ताकीद शेवटी दिली.

तरी मूळ पाठ कोणता, हा वाद मिटला नाही. वि. का. राजवाड्यांनी १९०९ साली आपल्या मते एकनाथपूर्व असलेली प्रत छापली. तिच्यातली व्याकरणाची रूपं प्रचलित पोथीपेक्षा जुन्या वळणाची आहेत. अभ्यासक दोन्ही पाठ समोर ठेवून वाचतात. पारायणाला मात्र घरोघरी नाथांचाच पाठ असतो.