पटकथा आणि खर्चाची वही

सुमित्रा भावे यांच्याबद्दल लिहिताना आपली समीक्षक मंडळी ‘लेखिका-दिग्दर्शिका’ म्हणून थांबतात. निर्मिती हे जणू हिशेबनिसाचे काम! पण भावेंची पटकथा आणि तिच्यासाठीचा पैसा, दोन्ही बऱ्याचदा एकाच दारातून आले.

मुळात त्या समाजशास्त्राच्या. पुण्याच्या कर्वे समाजसेवा संस्थेत शिकवत होत्या. दलित स्त्रियांच्या कहाण्या त्यांनी टिपल्या. त्यांतल्या आठ जणींचे पुस्तक गेल ऑमवेट यांच्या इंग्रजी अनुवादातून १९८८ साली आले. पण जिच्याबद्दल लिहायचे तिलाच अहवाल वाचता येत नसेल, तर तो कुणासाठी? या विचारातून १९८५ मध्ये ‘बाई’ हा लघुपट झाला. पुढे सुनील सुकथनकरांच्या साथीने ‘दोघी’, ‘दहावी फ’, ‘वास्तुपुरुष’. त्यांवर पुष्कळ लिहून झाले आहे.

‘देवराई’वर (२००४) मात्र थांबायलाच हवे. या चित्रपटामागे पुण्याची स्किझोफ्रेनिया अवेअरनेस असोसिएशन उभी राहिली. लगेच काही जाणकारांनी नाक मुरडले: संस्थेचा पैसा, म्हणजे प्रचारपट. या मंडळींनी तो नीट पाहिला होता का, अशी शंका येते. अतुल कुलकर्णींचा शेष कोकणातल्या देवराईत इतका गुंतलेला आहे की त्याचे आजारपण आणि त्याचे रान वेगळे काढता येत नाही. त्याला सांभाळताना बहिणीचा संसार कसा ताणला जातो, हे कुठलीही आरोग्यपत्रिका सांगणार नाही. गंमत म्हणजे राष्ट्रीय पुरस्कार मिळाला तो पर्यावरण विभागात! आजाराचा प्रचार करायला निघालेला चित्रपट भलताच वाट चुकला म्हणायचा.

‘नितळ’ही (२००६) असाच. कोड असलेल्यांसाठी काम करणारी श्वेता असोसिएशन पाठीशी, आणि नायिका स्वतः कोड असलेली डॉक्टर. तिची कीव करायला पटकथा जागाच ठेवत नाही. अवघडतात ती सासरची होऊ घातलेली सुशिक्षित माणसे. ‘एक कप च्या’मध्ये बस कंडक्टरच्या घरी अवाच्या सवा वीजबिल येते आणि त्यातून माहितीचा अधिकार घरात शिरतो. विषय आधी ठरलेला असला तरी माणसे कागदी होत नाहीत, ही भावेंच्या लेखणीची करामत.

प्रदर्शनाचे रडगाणे मात्र जुनेच. ‘अस्तु’च्या संवादांसाठी भावेंना २०१३ चा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, चित्रपटगृहात तो २०१६ मध्ये पोहोचला. ‘कासव’ला सुवर्णकमळ मिळाले, तेव्हा ‘श्यामची आई’, ‘श्वास’, ‘देऊळ’ आणि ‘कोर्ट’नंतरचा तो पाचवा मराठी चित्रपट ठरला.

हल्ली पटकथा ऐकण्याआधीच ‘चेहरा कोण?’ असे विचारतात, आणि तरुण मंडळीही त्याच दारांशी ताटकळतात. ‘कासव’चे तिसरे निर्माते, भावे आणि सुकथनकर यांच्या जोडीला, डॉ. मोहन आगाशे होते. नैराश्याने खचलेल्या मुलाच्या या गोष्टीत त्यांनी कामही केले, आणि ते स्वतः मानसोपचारतज्ज्ञ. चित्रपटाच्या बाजारात हिंडून असा भागीदार सापडत नाही.