तंबूतला उजेड: ‘द सिनेमा ट्रॅव्हलर्स’ आणि यंत्राशी जडलेली माया

तंबू टॉकीज किंवा टुरिंग टॉकीज म्हणून ओळखली जाणारी फिरती चित्रपटगृहे महाराष्ट्रातील जत्रांमधून कित्येक दशके हिंडत राहिली. पावसाळा सरला की ट्रकवर प्रोजेक्टर, कनाती आणि रिळांचे पत्र्याचे डबे लादून ती गावोगाव निघत. या व्यवस्थेच्या अखेरच्या काळाचे चित्रण शर्ली अब्राहम आणि अमित मधेशिया यांनी ‘द सिनेमा ट्रॅव्हलर्स’ या 96 मिनिटांच्या माहितीपटात केले. 2008 च्या सुमारास सुरू झालेले हे काम 2016 च्या मे महिन्यात कान महोत्सवात पोहोचले आणि तेथे ‘ल’ऑई द’ऑर’ या माहितीपटांसाठीच्या पुरस्काराच्या परीक्षकांनी त्याची विशेष दखल घेतली. त्याआधी, 2011 मध्ये, मधेशिया यांच्या तंबूतील प्रेक्षकांच्या छायाचित्रमालेला वर्ल्ड प्रेस फोटो स्पर्धेत कला व मनोरंजन विभागात पहिले पारितोषिक मिळाले होते. पडद्यावरून परतलेल्या उजेडात न्हालेले चेहरे हाच त्या मालेचा विषय, आणि माहितीपटाची बीजेही तिच्यातच दिसतात.

या काळात रिळांकडून डिजिटल प्रक्षेपणाकडे झालेला बदल नेमका काय होता, हे यंत्राच्या रचनेतून उमगते. पस्तीस मिलिमीटरच्या फिल्मवर एका फुटात 16 चौकटी मावतात. सेकंदाला 24 चौकटी या वेगाने मिनिटाला 90 फूट फिल्म प्रोजेक्टरमधून सरकते, मात्र ती सलग धावत नाही, तर दातेरी चाकाच्या झटक्याने प्रत्येक चौकट झरोक्यापुढे क्षणभर थांबते आणि तेवढ्याच अवधीत पडद्यावर चित्र उमटते. म्हणजे हे यंत्र उघडून पाहता येत असे, त्याचा बिघाड कानाला ऐकू येत असे, आणि तुटलेली फिल्म बोटांनी जोडून खेळ पुढे नेता येत असे. डिजिटल प्रक्षेपणात चित्रपट कुलूपबंद संगणकीय फाइल म्हणून येतो व ठरावीक मुदतीच्या किल्लीवाचून उघडत नाही. तेथे हाताच्या कसबाला जागा फारशी उरत नाही.

माहितीपटाचे मोठेपण याच ठिकाणी आहे. तंबूवाल्यांच्या उपजीविकेची ओढाताण त्यात आहेच, परंतु त्याचा प्राण आहे तो प्रोजेक्टर दुरुस्त करणारा वयोवृद्ध कारागीर. तेलात फिरणाऱ्या चाकांचा प्रोजेक्टर त्याने स्वतः घडवलेला आहे. त्याविषयी सांगताना त्याचा चेहरा उजळतो, आणि यंत्रावरची माया ते दुरुस्त करण्याच्या शक्यतेतून जन्मते, हे कोणत्याही निवेदनाविना प्रेक्षकाला कळते. मीरा-भाईंदरमधील मॉलच्या चित्रपटगृहात बसलेल्या प्रेक्षकाला प्रोजेक्टर बहुधा दिसतही नाही, तो पाठीमागच्या भिंतीतील काचेआड असतो. जत्रेत मात्र तो ट्रकमध्येच उभा असे, आणि त्याची घरघर खेळाचाच भाग होती.

चौसष्टाव्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत या कृतीला परीक्षकांचा विशेष पुरस्कार लाभला, तोवर महाराष्ट्रातील रिळांचे डबे ट्रकमधून उतरू लागले होते.