दोनशे छत्तीस रुपये कोणी नेले?

स्टेटमेंटवर अनोळखी आकडा दिसला की मी तो आधी १.१८ ने भागते. २३६ भागिले १.१८, उत्तर २००. १४७.५० चे १२५. १७.७० चे १५. असं गुळगुळीत उत्तर आलं की बहुतेक वेळा पैसे बाहेरच्या कोणी नेलेले नसतात, बँकेनेच घेतलेले असतात. डेबिट कार्डाचं वार्षिक शुल्क, एसएमएसचे तिमाही पैसे, वर अठरा टक्के जीएसटी. उलट ९९, १४९, ३९९ असे आकडे भागून काही हाती लागत नाही. तिथे कोणीतरी ग्राहकाला भुलवायला किंमत ठरवलेली असते, आणि शोध घराबाहेर न्यावा लागतो.

ही सवय नाशिकला बँकेच्या काउंटरवर लागली. निवृत्तीनंतर मुलाकडे जयपूरला आले, वैशाली नगरात. आम्रपाली सर्कलपासून क्वीन्स रोडपर्यंत चालत गेलं तर जिम, कोचिंग क्लास, योगा स्टुडिओ, मुलांना कोडिंग शिकवणाऱ्यांच्या पाट्या. सगळ्यांचा हिशोब ‘मंथली’. साहजिकच इथल्या माणसांच्या खात्यातून दर महिन्याला काही ना काही आपोआप जात असतं. मी बँकेत होते हे सोसायटीत कळल्यापासून रविवारी सकाळी कोणीतरी फोन पुढे करतंच: “आंटीजी, ज़रा देखिए, ये क्या कट गया?”

मी फोनवर बघत नाही. सहा महिन्यांचं स्टेटमेंट छापून आणायला सांगते. पासबुक चालत नाही, त्यातला तपशील फारच आखूड असतो. मग पेन्सिल घेऊन तारखा बघायच्या, रकमा नंतर. दर महिन्याच्या पाच तारखेला जाणारा पैसा हप्त्याचा असतो. अठ्ठावीस दिवसांनी जाणारा मोबाइल रिचार्जचा. मेच्या शेवटच्या आठवड्यात एकदाच जाणारे २० आणि ४३६ हे प्रधानमंत्री सुरक्षा विमा आणि जीवनज्योती विमा योजनांचे. २०१५ मध्ये या योजना आल्या तेव्हा हप्ते १२ आणि ३३० होते, जून २०२२ पासून वाढले. खातं उघडताना कुठल्या कुठल्या फॉर्मवर सह्या केल्या हे कोणाच्या लक्षात राहतं? पण हे वीस रुपये बंद करा म्हणणाऱ्याला मी आधी विमा काय आहे ते सांगते. अपघाती मृत्यूला दोन लाख मिळतात. ऐकल्यावर बहुतेक जण “रहने दीजिए” म्हणतात.

तारखेनंतर नाव. खरी पंचाईत इथे. दुकानाच्या पाटीवरचं नाव एक आणि स्टेटमेंटवरचं भलतंच. पेटीएमच्या जागी वन नाइन्टी सेव्हन कम्युनिकेशन्स, नायकाच्या जागी एफएसएन ई-कॉमर्स. स्विगीच्या कंपनीचं नाव परवापरवापर्यंत बंडल टेक्नॉलॉजीज होतं. कधी तर विकणाऱ्याचं नावच नसतं, रेझरपे किंवा बिलडेस्क अशा मधल्या वसुलीदाराचं असतं. तेही जागा पुरत नाही म्हणून अर्ध्यात तोडलेलं. वरच्या मजल्यावर राहणारी, आयटीत काम करणारी मुलगी घाबरून आली होती. ‘एसीएच डी – इंडियन क्लिअरिंग कॉर्प’, दर महिन्याला पाच हजार. कार्ड ब्लॉक करून, पोलिसांत जायच्या तयारीने आली होती. तिला विचारलं, “म्युच्युअल फंडात एसआयपी आहे का?” होती. मुंबई शेअर बाजाराच्या प्लॅटफॉर्मवरून जाणाऱ्या एसआयपीचे पैसे इंडियन क्लिअरिंग कॉर्पोरेशनच्या नावाने वळते होतात. तिचेच पैसे, तिच्याच फंडात. बिचारीचं कार्ड मात्र नवीन येईपर्यंत बंद.

मला बँकांचा राग येतो तो इथे. व्यवहार सेकंदात होतो, पण तो कोणाशी झाला हे माणसाला कळेल अशा शब्दांत छापायला यांना जमत नाही. चाळीस अक्षरांत संदर्भ क्रमांकच तीस अक्षरं खातो.

सगळ्यात अवघड प्रकरण होतं ते सरकारी शाळेतून निवृत्त झालेल्या मास्टरसाहेबांचं. खात्यातून अधूनमधून २९५ जात होते. भागल्यावर २५० आले, म्हणजे बँकेचं शुल्क. पण कशाचं? २९५ हा आकडा मला ओळखीचा होता. मँडेट, म्हणजे परस्पर वसुलीला आपण दिलेली परवानगी, परत गेल्याचा दंड. कोणीतरी पैसे मागायला येतं, खात्यात शिल्लक नसते, मागणी फिरते आणि बँक दंड लावते. म्हणजे मास्टरसाहेबांना दिसत होती ती न झालेल्या वसुलीची पावती. खरा वसुलीदार स्टेटमेंटवर नव्हताच, कारण त्याला पैसे मिळालेच नव्हते.

बँकेत जाऊन त्यांच्या खात्यावरच्या नॅच, म्हणजे बँकांमधल्या आपोआप वसुलीच्या यंत्रणेतल्या, मँडेटची यादी मागितली. काउंटरवरच्या मुलाने आधी “ऐसा कुछ नहीं मिलता” म्हणून पाहिलं. मग यादी निघाली. प्रत्येक मँडेटला वीस अक्षरांचा यूएमआरएन नावाचा क्रमांक असतो. तो हातात आला की गोष्ट उलगडते. नातवाच्या ऑनलाइन क्लासची फी ‘सोप्या हप्त्यांत’ भरायची म्हणून सुनेने त्यांच्या खात्याचा तपशील दिला होता. ते हप्ते फीचे नव्हते. क्लासने एका वित्तकंपनीकडून मास्टरसाहेबांच्या नावावर कर्ज काढून फी आधीच उचलली होती, आणि मुलाने क्लास दोन महिन्यांत सोडला होता. हप्ता पाच तारखेला, पेन्शन महिनाअखेरीला. मधल्या औषधांच्या खर्चात हप्त्याएवढी शिल्लक उरायचीच नाही.

अशा वेळी मँडेट बंद करा म्हणणं सोपं आहे, पण मी ते सांगितलं नाही. ओटीटीचं मँडेट तोडलं तर मालिका बंद पडते. कर्जाचं तोडलं तर सिबिलवर डाग पडतो. शिवाय शिल्लक नसल्याने इलेक्ट्रॉनिक हप्ता परत गेला तर पेमेंट अँड सेटलमेंट सिस्टिम्स कायदा, २००७ च्या कलम २५ नुसार तो चेक बाउन्ससारखा गुन्हा ठरू शकतो. म्हणून आधी क्लासला आणि वित्तकंपनीला ईमेल केले, क्लास सोडल्याचा पुरावा जोडला, कर्ज बंद केल्याचं पत्र मागितलं. पत्र आलं, त्यानंतरच मँडेट रद्द केलं. दंडाचे २९५ मात्र एकदाही परत आले नाहीत. बँकेचं म्हणणं, आम्ही नियमाप्रमाणे घेतले. खोटं नव्हतं.

कार्ड आणि यूपीआयवरच्या वर्गणीला त्या मानाने बरं संरक्षण आहे. रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०१९ मध्ये परिपत्रक काढलं, ते मुदतवाढी घेत घेत १ ऑक्टोबर २०२१ पासून पुरतं लागू झालं. पहिल्या परवानगीला ओटीपी किंवा पिन हवाच. दर वसुलीच्या किमान चोवीस तास आधी सूचना हवी, तीत विकणाऱ्याचं नाव, रक्कम, तारीख. तिथूनच नकार द्यायची सोय हवी. पिनशिवाय आपोआप जाणाऱ्या रकमेची मर्यादा आधी पाच हजार होती, जून २०२२ पासून पंधरा हजार. विमा, म्युच्युअल फंड आणि क्रेडिट कार्डाच्या बिलाला पुढे एक लाख झाली. कर्जाचे हप्ते ज्या नॅचमधून जातात, त्याला ही चोवीस तासांची चौकट लागू नाही. मास्टरसाहेब म्हणूनच अंधारात राहिले.

आमच्या गल्लीतल्या मराठी काकूंना मात्र सूचना येत होती. दोन-दोन मिनिटांच्या मालिका दाखवणारं ॲप त्यांनी एक रुपयात आठवडाभर म्हणून घेतलं, चार भाग बघितले आणि काढून टाकलं. दर महिन्याला ३९९ जातच राहिले. “अगं, ॲप तर कधीच डिलीट केलं!” ॲप गेलं तरी परवानगी बँकेच्या दारात उभी असते, हे कळायला अनेकांना काही महिन्यांचे पैसे मोजावे लागतात. त्यांच्या मेसेजमध्ये शोधलं तर प्रत्येक वसुलीच्या आदल्या दिवशीचा मेसेज सापडला, इंग्रजीत, लॉटरी आणि प्लॉटच्या जाहिरातींच्या मधोमध. नियम पाळला गेला होता. काकूंना त्याचा शून्य उपयोग झाला होता.

यूपीआय ॲपमध्ये प्रोफाइलच्या फोटोवर बोट ठेवलं, ‘ऑटोपे’ उघडलं, तर ३९९ वालं मँडेट वरच होतं. ‘रद्द करा’ दाबलं, पिन टाकला, संपलं. वसुली आधी थांबवायची, पैसे परत मागायचे ते नंतर, हा क्रम मी कधी मोडत नाही. प्ले स्टोअरमधून घेतलेली वर्गणी असेल तर ती तिथल्या ‘सदस्यत्वे’मध्ये सापडते. पण ग्राहकसेवेचा नंबर गूगलवर शोधून फोन करायचा नाही. ३९९ परत मिळवण्याच्या नादात माणसं चाळीस हजार घालवतात. तसं झालंच तर सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला, १९३० वर, लगेच फोन.

तक्रार लिहिताना लोक रागाने ‘फ्रॉड’ असा शब्द घालतात. त्याने काम बिघडतं. तुमच्या संमतीशिवाय कोणी पैसे काढले, तर रिझर्व्ह बँकेचं ६ जुलै २०१७ चं परिपत्रक तुमच्या बाजूने असतं. चूक ना तुमची ना बँकेची, मधल्याच कोणाची, आणि तीन कामाच्या दिवसांत कळवलं तर तुमची जबाबदारी शून्य. पण पिन तुम्हीच टाकला होता, हे बँकेच्या नोंदीत दिसलं की फ्रॉडची फाइल त्याच दिवशी बंद होते. अशा वेळी वाद विकणाऱ्याशी असतो. केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने नोव्हेंबर २०२३ मध्ये जे तेरा फसवे डावपेच बंद करायला सांगितले, त्यात वर्गणीचा सापळा नावानिशी आहे. ग्राहक हेल्पलाइन १९१५. हा रोग आपल्याकडचाच नाही. अमेरिकेत प्राइमच्या सदस्यत्वावरून ॲमेझॉनने सप्टेंबर २०२५ मध्ये अडीच अब्ज डॉलरची तडजोड केली.

म्हणून माझा अर्ज छोटा असतो. तारखा, रकमा, स्टेटमेंटवरचा मजकूर जसाच्या तसा, मँडेटचा क्रमांक. पुढची वसुली थांबवा, आणि संमती कधी, कशी नोंदवली त्याचा पुरावा द्या. तक्रार क्रमांक घेतल्याशिवाय काउंटर सोडायचा नाही. तीस दिवसांत उत्तर नाही किंवा पटलं नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे ऑनलाइन तक्रार करता येते, फुकट. मास्टरसाहेब टोंक रोडला रामबाग सर्कलच्या रिझर्व्ह बँकेत स्वतः जायला निघाले होते. त्यांना घरीच बसवून फॉर्म भरला.

काकूंना एका महिन्याचे ३९९ परत मिळाले, तेही ॲपवाल्यांनी ‘सद्भावनेने’ दिले. बाकीचे गेले ते गेले. गेल्या आठवड्यात त्यांचा फोन आला. नातीने रंगवायच्या चित्रांचं ॲप मागितलं होतं, दोन रुपये भरा म्हणत होतं.

“काकू, दोन रुपयांच्या खाली बारीक अक्षरांत काय आहे?”

“थांब, चष्मा लावते... कमाल रक्कम पाच हजार. वारंवारता, ‘मागणीनुसार’. वैधता २०५५ पर्यंत.”

“मग?”

“कागद आणि खडूच आणते हिला.”