साखर, लिंबू आणि लपवाछपवी

पार्लरचा सगळ्यात मोठा शत्रू कोण, असं विचारलं तर लोक समोरच्या गल्लीत उघडलेल्या नव्या सलूनकडे बोट दाखवतील. माझ्या मते मुंग्या. साखरेचं वॅक्स वापरायचं तर खुर्ची, आरसा आणि फेशियलचा बेड नंतर, आधी मुंग्यांचा बंदोबस्त. आमच्याकडे वॅक्सचा डबा पाण्याच्या ताटलीत उभा असतो. आजी लाडवांच्या डब्याला करायची तेच. तरीही एखादी वापरलेली पट्टी टेबलाखाली राहून गेली की सकाळी शटर वर केल्यावर काळी रांग थेट तिथपर्यंत पोचलेली दिसते.

मुंग्यांना जे कळतं ते बऱ्याच बायकांना ठाऊक नसतं. डोंबिवली-ठाण्यापासून नागपूरपर्यंत छोट्या पार्लरांमधून वर्षानुवर्षं ‘हॉट वॅक्स’ म्हणून जे लावलं जातं, ते बहुतेक वेळा साखर, लिंबू आणि पाणी एवढंच असतं. हल्ली मॉलमधल्या सलूनमध्ये ‘शुगरिंग’ अशी पाटी लागते आणि दर दुप्पट होतो. त्यात फरक आहे, नाही असं नाही. पण तो साखरेत नाही, हातात आहे. त्यावर येतेच.

आधी आतल्या खोलीत चला. तिथे एक शेगडी आहे आणि जाड बुडाचं एक पातेलं आहे, जे स्वयंपाकाला वापरायची कुणाची हिंमत नाही. दोन वाट्या साखर, पाव वाटी लिंबाचा रस, पाव वाटी पाणी. पाक एकतारी होतो, दोनतारी होतो, आणि मग खरी पंचाईत सुरू होते. सुधारसाला थांबतो त्याच्या बरंच पुढे जायचं, पण चिक्कीच्या बरंच अलीकडे थांबायचं. गार पाण्यात थेंब टाकला की बोटांनी दाबता येईल अशी गोळी झाली पाहिजे. थर्मामीटर लावला तर साधारण १२० अंश सेल्सिअस. रंग मधाचा. ती गोळी वाटीला लागून ‘टक्’ वाजली की पातेलं गेलं. मग ते रात्रभर गरम पाण्यात भिजत घाला आणि नव्या मुलीवर ओरडा.

लिंबू वासासाठी घालतात असा एक समज आहे. लिंबातल्या आम्लाने साखर फुटते, तिचं ग्लुकोज आणि फ्रुक्टोज होतं, आणि ही दोघं मिळून पाकाची पुन्हा साखर होऊ देत नाहीत. लिंबू कमी पडलं की दुसऱ्या दिवशी डब्यात कणी धरते. असं कणीदार वॅक्स अंगावर खरखरतं, केस नीट धरत नाही, मग त्याच जागेवर पुन्हा ओढावं लागतं. बाई घरी जाताना म्हणते, “आज जास्तच दुखलं हो.” तिला वाटतं आपलीच कातडी नाजूक झाली. गडबड आतल्या पातेल्यात झालेली असते, आणि ते तिला कुणी सांगत नाही.

हा पाक करताना वास मात्र सगळ्या मजल्यावर जातो. शेजारच्या काकू एकदा दारात उभ्या राहिल्या, “चिक्की करताय वाटतं?” आमच्या मुलीने घाईत ‘हो’ म्हणून टाकलं. संध्याकाळी कोपऱ्यावरच्या दुकानातून पाव किलो चिक्की आणून काकूंना नेऊन द्यावी लागली. त्यांनी ती खाल्ली आणि ‘गूळ जरा जास्त झालाय’ असा अभिप्रायही दिला.

आता हाताचा फरक. आपली पद्धत पट्टीची: सुरीने वॅक्स केसांच्या दिशेने पसरायचं, वर कापडाची पट्टी दाबायची आणि उलट्या दिशेने ओढायची. पट्ट्या कुठल्या? जुन्या जीनच्या. एका जीनच्या पँटमधून दोन डझन तरी निघत, आणि गरम पाण्यात टाकल्या की साखर विरघळून स्वच्छ. आता आम्ही एकदाच वापरून टाकायच्या पट्ट्या आणतो, आणि तेच बरोबर आहे. पण जुन्या काळी पार्लरच्या मागच्या दोरीवर वाळणाऱ्या निळ्या पट्ट्या बघून लोकांना हे शिवणाचं दुकान वाटायचं.

पश्चिम आशियातली पद्धत मात्र बिनपट्टीची. ती आम्हाला दाखवली दुबईच्या सलूनमध्ये काम करून परतलेल्या एका मुलीने. इजिप्तमध्ये या पाकाला हलावा म्हणतात, तुर्कस्तानात आदा. नादीन लबाकीचा २००७ सालचा लेबनीज सिनेमा, जो ‘कॅरामल’ नावाने जगभर गेला, तो बैरुतमधल्या एका ब्यूटी पार्लरमध्येच घडतो आणि त्याच्या नावातला कॅरामल म्हणजे केस काढायचा हाच पाक. तर ही मुलगी लिंबाएवढा गोळा घ्यायची, मळून मळून सोनेरीचा पांढरट करायची, केसांच्या उलट दिशेने बोटांनी पसरायची आणि केसांच्याच दिशेने मनगटाच्या एका झटक्याने काढायची. म्हणजे आपल्या नेमकं उलट. केस ज्या दिशेने वाढतो त्याच दिशेने निघाला की मध्येच तुटण्याची शक्यता कमी, आणि गोळा अंगाच्या उबेइतकाच कोमट असल्याने पोळण्याचीही भीती कमी. आमच्या सगळ्या मुली पहिल्या दिवशी टाळ्या वाजवून शिकायला बसल्या. दुसऱ्या दिवशी निम्म्या जणींच्या पोटऱ्यांना गोळे चिकटून बसलेले, आणि त्या कोमट पाण्याने ते सोडवताहेत. हा झटका यायला महिने जातात. म्हणून दर दुप्पट.

आणि मुंबईची हवा. मे महिन्यात अंगाला घाम सुटलेला असताना हाताचा गोळा दोन मिनिटांत सरबत होतो. दुबईच्या एसीत हे कधी होत नव्हतं म्हणे. व्यावसायिक पेस्ट मऊ, मध्यम आणि घट्ट अशी मिळते ती यासाठीच. उन्हाळ्यात घट्ट, थंडीत मऊ. घरगुती पाकाला मात्र आपणच दोन मिनिटं कमी-जास्त आच देऊन ऋतू सांभाळायचा. घामावर इलाज साधी टाल्कम पावडर. ती लावली की बायकांना वाटतं ही लाडाची गोष्ट आहे. पावडर ओल शोषते, आणि ओल्या कातडीवर साखर केसाला सोडून कातडीलाच लटकते. लोशन लावून आलात तर उलटं, केसाला काही धरतच नाही.

डब्यांवरच्या नावांचंही एक गुपित सांगून टाकते. हनी, चॉकलेट, अ‍ॅलोवेरा, स्ट्रॉबेरी. चॉकलेटने केस जास्त निघतात असा कुठलाही नियम नाही. डबा उलटा करून साहित्य वाचा. साखर, पाणी, सायट्रिक अ‍ॅसिड असेल तर ते आमच्या पातेल्यातलंच भावंड. रोझिन किंवा रेझिन लिहिलं असेल तर ती राळ, ती पाण्याने जात नाही, तेलाने पुसावी लागते. राळ काही वाईट नसते, जाड आणि आखूड केसांना ती चांगली धरते. पण काहींच्या कातडीला तिची अ‍ॅलर्जी असते आणि त्यांना साखरच बरी. आपण कशाचे पैसे देतोय ते कळायला हवं, एवढंच. पाण्याचा एक थेंब लावून बघा, उत्तर मिळतं.

इथवर आमची लपवाछपवी. आता गिऱ्हाइकांची.

एक बँकेतल्या मॅडम आमच्याकडे आल्या त्या ओठांवर रुमाल धरूनच. दुसऱ्या एका ठिकाणी अपर लिपला वॅक्स केलं होतं आणि केसांबरोबर वरची कातडीही सोलून निघाली होती. त्यांना वाटत होतं वॅक्स फार गरम होतं. मी विचारलं, “रात्री तोंडाला काही लावता का?” आधी ‘नाही’. मग ‘साधं क्रीम’. मग पर्समधून ट्यूब निघाली: मुरुमांसाठी डॉक्टरांनी दिलेलं अ‍ॅडापलीन. अ‍ॅडापलीन, ट्रेटिनॉइन, रेटिनॉल ही सगळी एकाच घराण्यातली औषधं. त्यांनी वरची कातडी नाजूक होते आणि ओढली की सुटते. आणि मुरुमांवर आयसोट्रेटिनॉइनच्या गोळ्या चालू असतील तर त्या बंद झाल्यावरही किमान सहा महिने अंगावर कुठेच वॅक्स नको, शुगरिंगही नको. हे त्या मॅडमना तिथे कुणी विचारलं नव्हतं, आणि त्यांनीही सांगितलं नव्हतं. मी त्यांना त्यांच्या कातडीच्या डॉक्टरांकडे पाठवलं. आमच्या मुलींनी तेव्हापासून ‘चेहऱ्याला काय लावता?’ हा प्रश्न बदलून ‘ट्यूब दाखवा’ असा केला.

दुसरी लपवण्याची गोष्ट म्हणजे रेझर. “गेल्या महिन्यात इथेच केलं होतं ना,” म्हणणाऱ्या बाईच्या पायावर दोन दिवसांपूर्वीचे खुंट असतात. तांदळाच्या दाण्याएवढा, म्हणजे पाच-सहा मिलिमीटर केस लागतो. त्याहून आखूड केस साखर धरू शकत नाही, मग दोन-दोनदा ओढणं आलं, आणि केस तुटला की तो आत वळून फोड. मी सरळ ‘पंधरा दिवसांनी या’ सांगते. गिऱ्हाईक रागावतं, पण परत येतं.

आणि एक मुलगी तर मांड्यांना भूल देणारं मलम थापून, वर स्वयंपाकघरातला प्लॅस्टिकचा पातळ कागद गुंडाळून रिक्षाने आली होती. मी तिला आधी धुवायला लावलं. अशी मलमं मोठ्या भागावर लावून वरून झाकली तर औषध रक्तात उतरून हृदयापर्यंत त्रास देऊ शकतं. अमेरिकेच्या औषध प्रशासनाने २००७ मध्ये यावर जाहीर इशारा दिला होता, तोही जीव गेल्यानंतर.

मग दुखू नये म्हणून आम्ही करतो काय? कातडी एका हाताने ताणून धरायची. ओढ कातडीला समांतर ठेवायची. वर उचलून ओढलं की काळंनिळं पडतं आणि रक्ताचे बारीक ठिपके येतात. ओढल्या क्षणी तळहात त्या जागेवर दाबायचा, कळ निम्मी तिथेच जिरते. एका जागेवर दोनदा, तिसऱ्यांदा नाही. उरलेले चार केस चिमट्याने. पाळीच्या आधीचे दोन-तीन दिवस टाळलेले बरे, तेव्हा कातडी जास्त हुळहुळी असते. आणि श्वास सोडताना ओढायचं, धरलेला असताना नाही. यासाठी आमची एक मुलगी पट्टी दाबून मोठ्या आस्थेने विचारते, “तुमच्याकडे पाणी किती वाजता येतं हो?” डोंबिवलीत या प्रश्नाला कुणीच एका शब्दात उत्तर देत नाही. बाई टँकरपर्यंत पोचलेली असते तोवर पोटरी झालेली असते. ‘अजिबात दुखणार नाही’ हे वाक्य मात्र आमच्याकडे बंद आहे. पहिल्या ओढीलाच ते खोटं ठरतं आणि मग बाई सगळं अंग आवळून बसते.

लग्नसराईतला नेहमीचा फोन: “ताई, आज दुपारी हळद आहे, सकाळी हात-पाय करून द्याल?” नुकतेच केस ओढलेल्या कातडीवर हळद, तेल आणि सतरा जणींचे हात. एका मुलीला मी नाही म्हटलं, तर तिच्या आई रागावून तिला दुसरीकडे घेऊन गेल्या. लग्नानंतर मुलगी स्वतःच हसत सांगायला आली, की हात इतके चरचरले की सगळ्या मावश्यांना ती फक्त तळपायांना हळद लावू देत होती. नवरीने दोन-तीन दिवस आधी यावं, आणि आयुष्यातलं पहिलं वॅक्सिंग लग्नाच्या आठवड्यात तर मुळीच करू नये. महिनाभर आधी एकदा करून कातडी काय म्हणते ते बघावं.

बाकी नंतरचं साधं आहे. एक दिवस कढत पाण्याची आंघोळ, जिम, स्विमिंग, ऊन आणि काखेत डिओडरंट नको. सैल सुती कपडे. दोन-तीन दिवसांनी हलक्या हाताने अंग घासायला सुरुवात, म्हणजे नवा केस आत अडकत नाही. मधुमेह असेल, रक्त पातळ करणारी गोळी चालू असेल, पायांवर फुगलेल्या शिरा असतील तर आधी सांगायचं.

घरी करून बघायची हौस असेल तर एवढंच ऐका. शेगडीवरून उतरलेला पाक उकळत्या पाण्याहून गरम असतो आणि पाण्यासारखा ओघळून जात नाही, कातडीला धरून बसतो. मायक्रोवेव्हमधून काढलेली वाटी वरून कोमट आणि मधोमध पेटलेली असते. ढवळा, मनगटाच्या आतल्या बाजूला टेकवून बघा, मगच लावा. भाजलंच तर वीस मिनिटं नळाच्या वाहत्या पाण्याखाली धरा; टूथपेस्ट नको, बर्फही नको.

आणि पुढच्या वेळी पार्लरला येताना दोन गोष्टी करा. घरातलं प्रत्येक क्रीम आणि गोळीचं पाकीट पर्समध्ये टाकून आणा. आणि आत आल्यावर विचारा, वॅक्स कशाचं आहे आणि पट्टी नवी आहे ना. जी ताई या प्रश्नाला चिडेल, तिच्याकडे हात पुढे करू नका.