कुसळी गवत: गैरसमज आणि वस्तुस्थिती

दख्खनच्या मुरमाड माळांवर आणि डोंगरउतारांवर पावसाळा सरताना जे गवत कपड्यांत, मेंढ्यांच्या लोकरीत आणि गुरांच्या तोंडात रुतते, ते कुसळी. त्याचे शास्त्रीय नाव हेटेरोपोगॉन कॉन्टॉर्टस. टोचते म्हणून ते बदनाम झाले आणि त्याच्याविषयी बरेच चुकीचे समजही पसरले.

कुसळ म्हणजे काटा, असे अनेकांना वाटते. प्रत्यक्षात ते बी वाहून नेणारे अवजार आहे. कणसात कणिशके, म्हणजे फुलांचे छोटे घटक, जोडीने असतात; वरच्या जोड्यांतले बिनदेठाचे कणिशक मादी असते. त्याच्या बुडाशी सुईसारखे टोक असते आणि त्या टोकावर मागे झुकलेले ताठ केस असतात. दुसऱ्या बाजूला काळपट तपकिरी, केसाळ, पिळदार असा लांब प्रशूक असतो. तेच कुसळ. पिकलेल्या कणसावर ही कुसळे एकमेकांत गुंतून त्यांचे जाड पेड तयार होतात. गळून पडलेले कुसळ दवाने ओले झाले की त्याचा पीळ सुटतो, उन्हाने वाळले की पुन्हा बसतो. या उलटसुलट फिरण्याने बी गिरमिटासारखे मातीत शिरते आणि मागे झुकलेले केस त्याला परत बाहेर येऊ देत नाहीत.

सर्वांत महागात पडणारा गैरसमज वणव्याविषयीचा आहे. माळ पेटवला की कुसळी संपते, असे मानून दर उन्हाळ्यात गवत जाळले जाते. परिणाम नेमका उलटा होतो. ही वनस्पती बहुवर्षायू आहे. वरचे पाते करपले तरी बुंध्याजवळचे कोंब शाबूत राहतात आणि पहिल्या पावसात फुटतात. मातीत शिरलेले बीही जाळापासून वाचते. वारंवार वणवा आणि बेसुमार चराई यांमुळे शेडा, मारवेल यांसारखी अधिक रुचकर गवते मागे पडतात आणि मोकळी जागा कुसळी व्यापते. चराई त्याहूनही वाढली, तर कुसळीही हटते आणि हलकी, हंगामी गवते उरतात.

कुसळी चाऱ्याच्या कामाची नाही, हेही खरे नाही. फुलोरा येण्यापूर्वी तिची कोवळी पाती जनावरे आवडीने खातात. फुलोऱ्यानंतर मात्र काड्या राठ होतात, पोषण घटते आणि कुसळे जनावरांच्या तोंडाला व कातडीला इजा करतात. दोष गवताचा नाही, उशिरा केलेल्या कापणीचा आहे.

ते परदेशी तण असल्याचा समजही निराधार आहे. ऑस्ट्रेलियापासून आफ्रिकेपर्यंत उष्ण प्रदेशांत आढळणारे हे गवत भारतातही मूळचेच आहे.

कुसळीचा माळ पडीक मानून तिथे खड्डे खणून झाडे लावली जातात. या उथळ, कमी पावसाच्या जमिनीवर गवताळ रान हीच मूळची परिसंस्था आहे. काळवीट, लांडगा, धाविक पक्षी आणि आता अतिदुर्मीळ झालेला माळढोक यांचे जगणे अशाच उघड्या रानांवर अवलंबून आहे. म्हणून माळ जाळू नये, त्यावर झाडांची गर्दी करू नये. कुसळी फुलोऱ्याआधी कापावी आणि माळाचा काही भाग आलटून पालटून चराईपासून मोकळा ठेवावा.